"मुलगा कोण आहे?" मैत्रिणीसाठी हेबियस कॉर्पस दाखल केलं त्याचा अनुभव

सोलापुरात किंवा आसपासच्या तालुक्यात तुमच्या ओळखीतल्या एखाद्या मोठ्या, म्हणजे 18 पूर्ण झालेल्या माणसाला घरच्यांनीच अडकवून ठेवलं असेल आणि पोलीस स्टेशनला "घरचा मामला आहे" म्हणून तुम्हाला परत पाठवत असतील तर हे वाचा. मी वकील नाही, अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात अकाउंट्स बघते. पण मागच्या दिवाळीनंतर माझ्या मैत्रिणीसाठी हायकोर्टात हेबियस कॉर्पसची याचिका (डांबून ठेवलेल्या माणसाला कोर्टासमोर आणा असा अर्ज) झाली त्यात अर्जदार मीच होते, त्यामुळं कागद न कागद माझ्या हातून गेलाय. तिला विचारून लिहितेय. नाव बदललंय, इथं तिला रेणू म्हणते.

रेणू 24 वर्षांची, बीकॉम, माझ्याच टेबलाशेजारी बसायची. तिला पुण्याला एका कंपनीत नोकरी लागली, ऑफर लेटर आलं आणि त्याच आठवड्यात घरी आत्याच्या मुलाशी लग्न ठरवायला पाहुणे आले. तिनं नाही म्हणून सांगितलं. भांडण झालं, दोन दिवस कुणी कुणाशी बोललं नाही, मग घरचे म्हणाले चल देवदर्शन करून येऊ, मन शांत होईल, आणि गाडी देवळाकडं न जाता मामाच्या वस्तीवर गेली. गावापासून बरीच लांब, चारी बाजूला ऊस, एसटी येत नाही. फोन मामानं घेतला, आधार कार्ड आणि एटीएम पर्ससकट आईकडं. मारहाण वगैरे काही नाही, जेवायला वेळेवर, फक्त कंपाउंडच्या बाहेर जायचं नाही आणि मामी झोपायला बाजूला. "लग्नाला हो म्हण, मग लगेच सोलापूरला जाऊ."

मला हे कळलं ते मामेभावाच्या फोनवरून आलेल्या मेसेजमुळं. पोरगं गेम खेळायला फोन घेऊन आलं होतं तेवढ्यात तिनं टाईप केलं. "मी मामाच्या वस्तीवर आहे. फोन नाही. मला इथं राहायचं नाही, पुण्याला जायचंय. वकिलाला विचार. याला रिप्लाय करू नको." थोड्या वेळानं तो मेसेज डिलीट झालेला दिसला, पण मी स्क्रीनशॉट काढून ठेवला होता. पुढं सगळी केस त्या एका स्क्रीनशॉटवर उभी राहिली. असा मेसेज आला तर आधी स्क्रीनशॉट काढा, नंबर आणि वेळ दिसेल असा, आणि लगेच दुसऱ्या कुणाला तरी पाठवून ठेवा.

पोलीस स्टेशनचं नाव लिहीत नाही. ठाणे अंमलदार साहेबांनी बसवलं, पाणी दिलं आणि विचारलं, मुलगी मिसिंग आहे का? म्हणलं नाही, कुठं आहे ते माहिती आहे. मग काय, बापाकडंच आहे की, त्यात गुन्हा कसला? म्हणलं तिला बाहेर पडू देत नाहीत, फोन काढून घेतलाय, ती 24 वर्षांची आहे. तर ते जरा पुढं झुकले आणि आवाज खाली करून म्हणाले, "खरं सांगा बाई, मुलगा कोण आहे?"

मी म्हणलं मुलगा नाही. त्यांना ते पटलं नाही. मुलगा असता तर त्यांना प्रकरण समजलं असतं, जात विचारली असती, पळून जायचा प्लॅन होता का ते विचारलं असतं, पण एका मुलीला नुसती नोकरी करायचीय, एकटीला राहायचंय आणि सांगितलेलं लग्न करायचं नाही, एवढ्यासाठी कुणी पोलिसात येतं हे त्यांच्या डोक्यातच शिरेना. आणि हे फक्त पोलिसांचं नाही. पुढं हा प्रश्न मला आमच्या सुपरवायझरनं विचारला, नोटरीकडं बसलेल्या क्लार्कनं विचारला, माझ्या स्वतःच्या आईनं विचारला. जणू काही मोठ्या बाईचं स्वातंत्र्य कुणातरी मुलाच्या नावावर असतं आणि मुलगा नसेल तर ती आपोआप बापाच्या ताब्यात. मला याचा इतका राग येतो की हे सगळं लिहायला बसले त्यामागं तेच मुख्य कारण आहे.

तोंडी बोलून काही होत नाही हे तिथंच कळलं. दुसऱ्या दिवशी लेखी अर्ज घेऊन गेले, दोन कॉपी, एकीवर शिक्का आणि आवक नंबर घेतल्याशिवाय उठले नाही. तोच अर्ज एसपी ऑफिसला ईमेल केला आणि रजिस्टर्ड पोस्टानंही पाठवला. ही पोच फार महत्त्वाची, कारण हायकोर्टात पहिला प्रश्न येतो की तुम्ही आधी पोलिसांकडं गेलात का.

मग जिल्हा कोर्टात एका ओळखीच्या वकील मॅडमना भेटले. त्यांनी समोरच्या टपरीवर चहा घेता घेता सगळं नीट समजावलं. कोंडून ठेवणं हा गुन्हाच आहे, घरच्यांनी केलं तरी गुन्हाच. भारतीय न्याय संहितेचं कलम 127. साधं कोंडणं असेल तर एक वर्षापर्यंत शिक्षा, तीन किंवा जास्त दिवस असेल तर तीन वर्षांपर्यंत, आणि दहा किंवा जास्त दिवस असेल तर पाच वर्षांपर्यंत. त्याशिवाय भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 100 आहे, जुन्या सीआरपीसीत, म्हणजे फौजदारी प्रक्रिया संहितेत, 97 होतं, त्यात मॅजिस्ट्रेट किंवा प्रांत साहेब सर्च वॉरंट काढू शकतात आणि कोंडलेल्या माणसाला शोधून समोर आणायला लावतात. बऱ्याच केसेस तिथंच मिटतात म्हणे. आमच्या बाबतीत मॅडमनी चौकशी केली तर कळलं की माझ्या अर्जानंतर पोलीस वस्तीवर जाऊन आलेसुद्धा, आणि रेणूचा जबाब घेऊन आले की मी माझ्या मर्जीनं मामाकडं राहते. जबाब घेताना समोर कोण होतं? वडील, मामा आणि मामाचा मोठा मुलगा. मॅडम म्हणाल्या, हा कागद फाईलला लागला, आता खालच्या कोर्टात वेळ घालवू नको, सरळ हायकोर्टात जाऊ.

मला वाटलं होतं याचिका आईवडील, नवरा अशा नात्यातल्या माणसालाच करता येते. तसं नाही. ज्याला डांबलंय त्याला स्वतःला कोर्टात येता येत नाही म्हणूनच तर हा अर्ज असतो, मग त्याच्या वतीनं मित्र, मैत्रीण, शेजारी कुणीही करू शकतं. घटनेचं कलम 226 हायकोर्टाला हा अधिकार देतं आणि 32 सुप्रीम कोर्टाला. मुळात विचारायचं एवढंच असतं की या माणसाला कुठल्या कायद्यानं धरून ठेवलंय ते दाखवा, नसेल दाखवता येत तर सोडा. सरकारलाही विचारता येतं आणि घरातल्या माणसांनाही.

बाईमाणसाला उत्पन्न कितीही असो मोफत वकील मिळतो, विधी सेवा प्राधिकरण कायदा 1987 मध्ये तशी तरतूद आहे, जिल्हा कोर्टातच त्यांचं ऑफिस असतं आणि 15100 नंबरवर फोन करता येतो. मी ते वापरलं नाही कारण मॅडमनी फी जवळजवळ घेतलीच नाही, पण पैशामुळं कुणी अडू नये म्हणून सांगतेय.

आता सोलापूरकरांसाठी चांगली गोष्ट म्हणजे मुंबई हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच. 18 ऑगस्ट 2025 पासून तिथं कामकाज सुरू झालं आणि आपला जिल्हा त्यात आला, सोबत कोल्हापूर, सातारा, सांगली, रत्नागिरी, सिंधुदुर्ग. आधी हायकोर्ट म्हणलं की रात्रीची सिद्धेश्वर एक्सप्रेस, सकाळी मुंबई, लॉजचा खर्च आणि बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या केसेसच्या यादीत, नंबर नाही आला की मोकळ्या हातानं परत. या बेंचसाठी वकिलांनी चाळीस वर्षांच्या वर आंदोलनं केली ती पेपरात वाचताना मला त्याचं काही वाटायचं नाही. पहाटेची एसटी पकडून सांगोला-मिरजवरून कोल्हापूरला पोचले आणि त्याच रात्री घरी परत आले तेव्हा वाटलं.

याचिका इंग्रजीत असते. मॅडमनी कोल्हापूरच्या एका वकील सरांना सोबत घेतलं. कागद लागले ते असे, रेणूच्या जन्मतारखेचा पुरावा (तिची दहावीची सनद तिच्या घरी, पण कारखान्याच्या पर्सनल फाईलला झेरॉक्स होती, ती मिळाली), पोलिसांच्या अर्जाची पोच, ईमेलची प्रिंट, ऑफर लेटरची कॉपी जी तिनं मला आनंदात फॉरवर्ड केली होती, आणि तो स्क्रीनशॉट, त्याचं इंग्रजी भाषांतर आणि भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 चं सर्टिफिकेट, म्हणजे हा स्क्रीनशॉट माझ्याच फोनमधला आहे आणि मी त्यात काही फेरफार केलेला नाही असं लिहून द्यायचं. वर माझं शपथपत्र. प्रतिवादी म्हणून राज्य सरकार, पोलीस अधिकारी, वडील आणि मामा.

काकांचं, म्हणजे रेणूच्या वडिलांचं, नाव प्रतिवादी म्हणून टाईप झालेलं वाचलं तेव्हा पोटात कसंतरी झालं. त्यांच्या घरी मी संक्रांतीला जेवलेय, गड्ड्याच्या यात्रेत आम्हा दोघींना त्यांनी पाळण्यात बसवलंय. यंत्रमागावर उभं राहून पाय सुजायचे तरी त्यांनी रेणूला कॉलेजला पाठवलं. वाईट माणूस नाही तो. पण चांगल्या माणसानं लावलेली कडी पण कडीच असते, आणि ज्याला आत बसावं लागतं त्याला बाहेरचा माणूस चांगला आहे का वाईट यानं फरक पडत नाही.

सही करायच्या आधी मॅडमनी मला एक गोष्ट स्पष्ट विचारली. "कोर्टात ती म्हणाली की मला आईकडंच राहायचंय, तर तुला चालेल का? कारण तिथं केस संपणार. तेही तिचं स्वातंत्र्यच आहे." मी थोडा वेळ गप्प बसले. मग त्यांनी 11 मार्च 2024 चा सुप्रीम कोर्टाचा देवू जी. नायर विरुद्ध केरळ राज्य हा निकाल सांगितला. त्यात एका बाईनं तिच्या जोडीदारासाठी, ती पण बाईच, हेबियस कॉर्पस केलं होतं. शेवटी त्या मुलीनं सांगितलं की मी माझ्या मर्जीनं आईवडिलांकडं आहे आणि कोर्टानं ते मानलं, याचिका फेटाळली. पण त्याच निकालात देशातल्या सगळ्या कोर्टांसाठी नियम घालून दिले. जोडीदारानं किंवा मित्रमैत्रिणीनं केलेला असा अर्ज आधी ऐकायचा, तारखांवर तारखा द्यायच्या नाहीत. अर्जदाराचं तिच्याशी नक्की नातं काय याच्या खोलात शिरायचं नाही. ज्याला डांबलंय त्याच्याशी एकांतात बोलायचं, आईवडील किंवा पोलीस यांचा दबाव येणार नाही अशा जागी. आणि समुपदेशनाच्या नावाखाली त्याचं मन वळवायचा प्रयत्न करायचा नाही. हे ऐकून मला धीर आला. म्हणलं चालेल, ती काय म्हणेल ते म्हणू दे, फक्त मामा समोर नसताना म्हणू दे. सही केली.

अर्जंट म्हणून सरांनी प्रेसिपी (लवकर ऐका अशी लेखी विनंती) दिली, सर्क्युलेशन, म्हणजे लवकर ऐकायची परवानगी, मिळालं आणि लगेच बोर्डावर लागलं. असं मॅटर दोन न्यायमूर्तींसमोर चालतं. सीपीआर हॉस्पिटलसमोरच्या त्या जुन्या इमारतीत गर्दी एवढी की मी भिंतीला टेकून उभी. आमचा पुकारा झाला. सरकारी वकिलांनी तो जबाब दाखवला, माय लॉर्ड, ती मर्जीनं आहे. न्यायमूर्तींनी कागद वाचला आणि दोनच गोष्टी विचारल्या, हा जबाब कुठं घेतला आणि तिथं कोण होतं. कागदावरच लिहिलं होतं, मामाचं राहतं घर, साक्षीदार म्हणून मामा. पुढं फार बोलणं झालंच नाही. पुढच्या तारखेला मुलीला हजर करा, महिला पोलीस सोबत असू दे आणि प्रवासात नातेवाईक त्याच गाडीत नकोत, एवढी ऑर्डर झाली. पोलीस स्टेशनच्या ज्या दारातून मी परत आले होते त्याच दाराला आता कोर्टाचा कागद जाणार होता.

मधल्या दिवसांत मला फोन आले, नात्यातल्या लोकांचे. तूच फूस लावली, तुझं घर बसलंय का अजून, बघून घेऊ. मी कुणाला उत्तर दिलं नाही, कॉल रेकॉर्डिंग चालू ठेवलं आणि मॅडमना सांगितलं. त्यातल्या एका गृहस्थांनी मात्र वेगळं सांगितलं, आम्ही पण हेबियस कॉर्पस करू, मुलीला तू पळवलीस म्हणून. हे नुसतं धमकावणं नाही बरं का, हा अर्ज असा उलटा खरंच वापरतात. केरळच्या हादियाच्या केसमध्ये वडिलांनीच हेबियस कॉर्पस केलं होतं, मुलगी 24 वर्षांची, हायकोर्टानं मे 2017 मध्ये तिचं लग्न रद्द केलं आणि तिला वडिलांच्या घरी पाठवलं. सुप्रीम कोर्टानं नोव्हेंबरमध्ये तिला समोर बोलावून विचारलं तुला काय हवंय, ती म्हणाली स्वातंत्र्य हवंय, मग तिला आधी शिक्षण पूर्ण करायला सेलमच्या कॉलेजला पाठवलं आणि 8 मार्च 2018 ला लग्न पण कायम केलं. मोठ्या बाईला सोडवायचा अर्ज तिलाच बंद करायला वापरला गेला, तेही कोर्टाच्या हातून. म्हणून मला वाटतं कायदा चांगला आहे म्हणून निवांत राहता येत नाही, वापरणारं कोण आणि ऐकणारं कोण यावर पुष्कळ आहे.

तारखेच्या दिवशी पहाटे एसटी स्टँडवर जाताना रिक्षा चार हुतात्मा पुतळ्यावरून गेली. मॅडम सोबत होत्या, त्या म्हणाल्या 1930 ला सोलापुरात मार्शल लॉ लागला तेव्हा लष्करी कोर्टांनी लोकांना भराभर शिक्षा दिल्या आणि त्या कैदेविरुद्ध मुंबई हायकोर्टात अर्ज गेले होते, तेव्हाच्या सीआरपीसीच्या 491 कलमाखाली, ते आताच्या या अर्जाचंच जुनं रूप. मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा, कुर्बान हुसेन ही नावं शाळेपासून पाठ आहेत, 12 जानेवारी 1931 ला येरवड्यात फाशी झाली हेही माहिती, पण त्याच काळात सोलापूरची माणसं कैदेचा जाब विचारायला हायकोर्टापर्यंत गेली होती हे मला पहिल्यांदा कळत होतं. मॅडम एकदा सुरू झाल्या की थांबत नाहीत. आणीबाणीत 1976 ला सुप्रीम कोर्टानं चार विरुद्ध एक असा निकाल दिला की आता हेबियस कॉर्पस मागताच येणार नाही, एकटे न्यायमूर्ती एच. आर. खन्ना विरोधात उभे राहिले. 1978 च्या 44 व्या घटनादुरुस्तीनं ठरलं की यापुढं आणीबाणीत सुद्धा कलम 21, म्हणजे जगण्याचा आणि व्यक्तिस्वातंत्र्याचा हक्क, बंद ठेवता येणार नाही, आणि तो निकालच 2017 ला सुप्रीम कोर्टानं पुसून टाकला. म्हणजे बघ, मॅडम म्हणाल्या, जे देशाच्या सरकारला आणीबाणीत पण काढून घेता येत नाही ते तुझ्या मैत्रिणीचा मामा लग्नासाठी काढून घेतोय.

रेणूला पोलिसांच्या गाडीतून आणलं. केस विस्कटलेले, अंगावर मामीचा पंजाबी ड्रेस, खांद्यात मोठा होणारा. माझ्याकडं बघितलं आणि लगेच नजर खाली. माझ्या मनात आलं, संपलं, हिनं हार मानली. सोबतची महिला कॉन्स्टेबल मात्र चांगली होती, तिनं रेणूला कोपऱ्यातल्या खुर्चीत बसवलं आणि मधे स्वतः उभी राहिली, काकू, म्हणजे तिची आई, जवळ येऊ लागल्या तर म्हणाली, मावशी, साहेबांनी विचारून झालं की मग भेटा.

वडिलांच्या वकिलांचं म्हणणं तीन गोष्टींवर होतं. ही अर्जदार कोण, रक्ताचं नातं नाही. दुसरं, मुलीची मनस्थिती ठीक नाही, तिला काही दिवस समुपदेशन द्या. तिसरं, बापाला मुलीची काळजी असते, पुण्यात एकटी कशी राहणार. आमच्या सरांनी देवू नायरचा निकाल दिला आणि सोबत सोनी जेरीचा, 2018 चा. हा दुसरा निकाल मला फार आवडला. आईनं अर्ज केला होता, मुलगी 18 पूर्ण झालेली, तिला वडिलांकडं कुवेतला राहून शिकायचं होतं. त्यात मुलगा, लग्न, प्रेम काहीही नाही. सुप्रीम कोर्टानं म्हणलं मुलगी सज्ञान आहे, तिची निवड तिची, आईच्या भावना किंवा वडिलांचा अहंकार बघून कोर्टानं सुपर गार्डियन व्हायचं नाही. आमच्या केसला चपखल बसत होतं.

मग रेणूला न्यायमूर्तींच्या चेंबरमध्ये नेलं. वकील नाहीत, पोलीस नाहीत, घरचे नाहीत, मी पण नाही. आत काय झालं ते तिनं नंतर सांगितलं. आधी पाणी दिलं. मराठीत बोलले. कुठं शिकलीस, अकाउंट्सला कुठलं सॉफ्टवेअर वापरता, आज सकाळी काय खाल्लं. ही पाच-सात मिनिटं तिला नुसतं हो-नाही म्हणता येत होतं. मग विचारलं, पोलिसांना दिलेला जबाब कसा दिला, आणि ती रडायला लागली, तर थांबले, घाई केली नाही. तिनं सांगितलं की तो आधीच लिहून आणला होता, मी सही केली कारण मामा म्हणाला सही केली की सोलापूरला नेतो. शेवटी विचारलं, इथून बाहेर पडल्यावर तुला कुठं जायचंय? ती म्हणाली पुण्याला, नोकरी आहे, आज उशीर झाला तर मैत्रिणीकडं. विचारलं, आईवडिलांवर तक्रार करायचीय? म्हणाली नाही, फक्त मला जाऊ दे आणि माझी सर्टिफिकेटं द्यायला सांगा.

अर्धा तास तरी ती आत होती आणि त्या अर्ध्या तासात मुलगा कोण आहे हे तिला कुणी विचारलं नाही. लग्न का नको हेही नाही.

तिला एक भीती होती जी मला माहितीच नव्हती, की घरी नाही पाठवलं तर कोर्ट महिला सुधारगृहात टाकेल. गावात कुणीतरी तिला तसं सांगितलं होतं, गप्प बसवण्यासाठी. सज्ञान बाईला तिच्या इच्छेविरुद्ध नारी निकेतनमध्ये ठेवता येत नाही हे सुप्रीम कोर्टानं ग्यान देवीच्या केसमध्ये पन्नास वर्षांपूर्वीच सांगून ठेवलंय. 18 ला माणूस सज्ञान होतो हे तर 1875 च्या कायद्यापासून आहे. हे शाळेत शिकवायला काय हरकत आहे मला कळत नाही.

ऑर्डर छोटीशी झाली. मुलगी सज्ञान आहे, तिच्या इच्छेनुसार कुठंही जायला मोकळी आहे, कुणीही अडथळा आणायचा नाही, गरज लागली तर पोलिसांनी संरक्षण द्यायचं. कागदपत्रं आठवड्यात पोलीस स्टेशनला जमा करू असं वडिलांच्या वकिलांनी सांगितलं ते ऑर्डरमध्ये लिहून घेतलं. याचिका निकाली. कोंडलं म्हणून कुणाला शिक्षा होत नाही या अर्जात, हे लक्षात ठेवा. त्यासाठी 127 खाली वेगळी फिर्याद द्यावी लागते. मला वाटत होतं द्यावी, निदान खोटा जबाब लिहिणाऱ्यांवर तरी काहीतरी व्हावं. रेणू नको म्हणाली. तिचा निर्णय.

व्हरांड्यात काका आमच्याकडं न बघता जिना उतरून गेले. काकू थांबल्या. त्यांनी पर्समधून थायरॉईडच्या गोळ्यांची बाटली काढली, वस्तीवर नेल्यापासून तिच्या गोळ्या बंद होत्या, आणि तिच्या हातात देत म्हणाल्या, "सकाळी उपाशीपोटी घे, विसरते तू." मला एक शब्द बोलल्या नाहीत. रेणू त्यांच्या पाया पडली.

खरी कटकट त्यानंतर सुरू झाली ती कागदांची. माणूस सुटला तरी आधार, पॅन, बँक पासबुक, सनद, मार्कशीट यातलं काही हातात नसेल तर तो जाणार कुठं? सिम दुसऱ्याच्या नावावर, ओटीपी दुसऱ्याच्या फोनवर. पुण्याच्या कंपनीनं जॉइनिंग पुढं ढकलून दिलं हे नशीब, पण कागद दाखवल्याशिवाय घेणार नव्हते. म्हणून सांगते, अशी वेळ येणार असं वाटत असेल तर सगळ्या सर्टिफिकेटांचे फोटो डिजिलॉकरमध्ये आणि एखाद्या विश्वासातल्या माणसाकडं ठेवून द्या, सिम स्वतःच्या नावावर करून घ्या. आणि याचिका करत असाल तर कागदपत्रं परत मिळावीत ही मागणी पहिल्या दिवसापासून त्यात लिहा, आमच्या सरांनी लिहिली होती म्हणूनच ऑर्डरमध्ये आली.

आठवड्यानं पोलीस स्टेशनला प्लास्टिकची पिशवी जमा झाली. त्याच ठाणे अंमलदार साहेबांनी यादी करून एकेक वस्तू मोजून दिली आणि आमची सही घेतली. यावेळी काही विचारलं नाही. पिशवीत आधार, पॅन, पासबुक, फोन, दहावी-बारावीच्या सनदा, सगळं होतं, फक्त शेवटच्या वर्षाची मार्कशीट नव्हती. घरचे म्हणतात सापडत नाही, असेलही तसं.

रेणू आता पुण्यात आहे, हॉस्टेलला. काकूंशी रविवारी बोलते, काकांशी अजून नाही. डुप्लिकेट मार्कशीटचा विद्यापीठाचा फॉर्म तिनं भरलाय, सोबत हरवल्याचा पोलीस दाखला लागतो, तो तयार झाला की मी घेऊन जमा करणार आहे. कुणाला याचिकेच्या कागदांबद्दल काही विचारायचं असेल तर विचारा, मला जेवढं माहिती आहे तेवढं नक्की सांगेन.